नव्वद दिवसांपलीकडचे: एका एफएम केंद्राचा इतिहास लिहिताना

आमच्या एफएम केंद्राला पंधरा वर्षे पूर्ण होत आली होती, तेव्हा व्यवस्थापकांनी मला बोलावून केंद्राचा इतिहास लिहायला सांगितले. माझ्यावर हे काम येण्याचे कारण साधे होते. पहिल्या दिवसापासून टिकून राहिलेले आम्ही तिघेच उरलो होतो आणि माझ्याखेरीज त्यांत एक हिशेबनीस व एक वाहनचालक होता. “ताई, चाळीसेक पाने, भरपूर फोटो आणि वाचायला गोड,” एवढीच त्यांची सूचना होती आणि मुदत दोन महिन्यांची होती. मी केंद्रात शेड्युलिंग पाहते, म्हणजे कोणती जाहिरात कोणत्या ब्रेकमध्ये किती वाजता वाजणार याचा रोजचा लॉग तयार करते. निवेदनाशी माझा संबंध नाही. इतक्या वर्षांत माझा आवाज एकदाही हवेत गेलेला नाही.

रेडिओचा इतिहास लिहायचा तर आधी जुने ध्वनिमुद्रण ऐकावे, या विचाराने मी थेट लॉगरच्या संगणकाकडे गेले. केंद्रावरून जे प्रसारित होते ते सगळे या संगणकावर तासातासाच्या फाइलींमध्ये आपोआप साठत असते, कारण मागील तीन महिन्यांचे प्रसारण जपून ठेवण्याचे बंधन परवान्याच्या करारातच आहे. मात्र नव्वद दिवस उलटले की नवी फाइल जुन्या फाइलीच्या जागेवर बसते. हे मला इतकी वर्षे ठाऊक होते, पण त्याचा अर्थ पहिल्यांदा त्या दुपारी कळला. पडद्यावर फाइलींची यादी खाली खाली सरकवत गेले आणि ती तीन महिन्यांपूर्वीच्या एका मंगळवारी रात्री अकराच्या तासाशी संपली. रोज चोवीस तास बोलणाऱ्या आणि गाणाऱ्या एका संस्थेच्या पंधरा वर्षांपैकी एवढाच काळ ऐकण्याजोगा उरला होता.

निर्मिती विभागात काहीतरी असेल अशी आशा होती. तिथे जुन्या हार्ड डिस्कचा एक खोका निघाला. पाचांपैकी तीन सुरूच झाल्या नाहीत, चौथीवर जिंगल्सचे सुटे तुकडे होते आणि पाचवीवर कुणाच्या तरी लग्नाचे फोटो होते.

मग मी माणसांकडे वळले. नोकरी सोडून गेलेल्या निवेदकांना, विक्री विभागातल्या मुलांना आणि पहिल्या कार्यक्रमप्रमुखांना फोन केले. सगळे आपुलकीने बोलले, आणि प्रत्येकाने वेगळा इतिहास सांगितला. केंद्रावर वाजलेले पहिले गाणे कोणते, या एका प्रश्नाला मला पाच उत्तरे मिळाली आणि पाचही जणांना आपल्या उत्तराची पुरती खात्री होती. सकाळच्या कार्यक्रमाची कल्पना आपलीच होती, असे तिघांनी सांगितले. यात खोटेपणा होता असे मला वाटत नाही. जे एकदाच वाजते आणि पुन्हा ऐकायला मिळत नाही, ते ज्याच्या त्याच्या मनात ज्याच्या त्याच्या सोयीने राहते.

त्यातल्या त्यात भरवशाचे निघाले ते आमचे पहिले अभियंते, कारण त्यांनी डायरी ठेवली होती. प्रसारणाचा मनोरा आमच्या मालकीचा नव्हता. शहराला मिळालेल्या सगळ्या खासगी वाहिन्या आकाशवाणीच्या आवारातल्या एकाच मनोऱ्यावरून, एकाच सामाईक अँटेनातून आणि सगळ्यांचे संकेत एकत्र करणाऱ्या एकाच कंबाइनरमधून जाणार होत्या, आणि त्या यंत्रणेची जुळवाजुळव बेसिल या सरकारी कंपनीकडे होती. त्यामुळे आपले यंत्र तयार असूनही शेजारच्याचे तयार नाही म्हणून थांबण्याचे, वायरलेस विभागाच्या परवानगीसाठी दिल्लीला खेपा घालण्याचे आणि स्टुडिओपासून मनोऱ्यापर्यंतचा दुवा जुळेना म्हणून गच्चीवरची तबकडी बोटभर इकडे तर बोटभर तिकडे फिरवत बसण्याचे दिवस त्या डायरीत ओळीओळीने होते. चाचणी प्रसारण सुरू झाल्यावर ते गाडीत रेडिओ लावून प्रत्येक रस्त्याने शहराबाहेर जात आणि खरखर कुठे सुरू झाली, आवाज कुठे तुटला, त्या गावाचे नाव लिहीत. घाटाच्या दिशेने चौथ्याच वळणावर आवाज गेला होता. “एफएमला डोंगर चालत नाही,” ते म्हणाले, “मनोरा दिसतो तिथवर आपले राज्य.” सांगताना त्यांनी हाताने घाटाचे वळण काढून दाखवले. पुस्तिकेत छापलेला प्रसारणक्षेत्राचा नकाशा मी त्या गावांच्या यादीवरूनच काढून घेतला.

केंद्र मुळात निघू कसे शकले, हे सांगितल्याशिवाय सुरुवात करता येत नव्हती, म्हणून त्यासाठी एक प्रकरण लिहिले. व्यवस्थापकांना ते रुक्ष वाटले, पण मला ते हवे होते. रेडिओवरची जाहिरात आपल्याकडे खासगी केंद्रांनी आणली असा समज नव्या मुलांमध्ये सर्रास आढळतो. प्रत्यक्षात विविध भारतीची व्यापारी सेवा १ नोव्हेंबर १९६७ रोजी मुंबई, पुणे आणि नागपूर या केंद्रांवर सुरू झाली, म्हणजे या धंद्याचा उगम महाराष्ट्रातलाच. पुढे १९९३मध्ये आकाशवाणीने आपल्या एफएमवरची वेळ खासगी कंपन्यांना विकायला घेतली आणि १९९८मध्ये ती व्यवस्था बंद केली. दरम्यान ९ फेब्रुवारी १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने क्रिकेट सामन्यांच्या प्रक्षेपणावरून उद्भवलेल्या खटल्यात, रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे आणि तिच्यावर सरकारची मक्तेदारी असू शकत नाही, असा निकाल दिला. त्या खंडपीठावर न्या. पी. बी. सावंत होते.

खासगी एफएमच्या परवानेवाटपाच्या पहिल्या टप्प्याची गोष्ट आमच्या हिशेबनीसांना तोंडपाठ होती आणि ती त्यांनी मला हिशेबनिसाच्याच नजरेने सांगितली. १९९९मध्ये धोरण आले, चाळीस शहरांतल्या १०८ वाहिन्यांसाठी लिलाव झाला, बोली चढत गेल्या, आणि परवाना शुल्क ठरावीक, शिवाय दरवर्षी पंधरा टक्क्यांनी वाढणारे. जाहिरातीचे उत्पन्न मात्र असे कुणाच्या सांगण्यावरून वाढत नाही. परिणामी अनेकांनी पैसे भरलेच नाहीत आणि शेवटी बारा शहरांत मिळून एकवीसच वाहिन्या चालू झाल्या. बंगळूरला जुलै २००१मध्ये देशातले पहिले खासगी केंद्र सुरू झाले, मुंबईत २००२मध्ये एकापाठोपाठ एक केंद्रे निघाली. आमच्या शहरात मात्र रेडिओ म्हणजे आकाशवाणीच राहिली. मग सरकारने नेमलेल्या अमित मित्रा समितीने आणि ट्राय या दूरसंचार नियामक संस्थेने ठरावीक शुल्काऐवजी उत्पन्नातला वाटा घ्यावा असे सुचवले आणि जुलै २००५च्या दुसऱ्या टप्प्याच्या धोरणात ते आले: सुरुवातीला एकदाच प्रवेश शुल्क आणि पुढे दरवर्षी एकूण उत्पन्नाच्या चार टक्के. या खेपेला ९१ शहरे आणि ३३८ वाहिन्या होत्या. तीन ते दहा लाख लोकवस्तीचे आमचे शहर ‘क’ वर्गात बसत होते. बोली बंद लिफाफ्यातली होती आणि शहरातल्या सर्वोच्च बोलीच्या पंचवीस टक्क्यांखाली गेलेला बाद होणार होता. आमच्या मालकांनी आकडा कसा ठरवला, असे विचारल्यावर हिशेबनीस हसले. शहरातल्या सराफांची, कापड दुकानांची, दुचाकींच्या शोरूमची आणि क्लासेसची यादी करून, प्रत्येकजण स्थानिक वर्तमानपत्राला वर्षाला किती देत असेल याचा अंदाज बांधून, त्याच्या दहाव्या हिश्शावर तो आकडा बेतला होता म्हणे.

इथपर्यंत आले तेव्हा मुदतीतले पाच आठवडे संपले होते आणि माझ्या हातात देशाचा इतिहास होता, केंद्राचा नव्हता. तो मिळाला रद्दीच्या खोलीत. लेखापरीक्षणासाठी मागितलेली एक जुनी पावती शोधायला मी तिथे गेले होते. छतापर्यंत रचलेल्या बॉक्स फाइलींमधली एक सहज उघडली तर आत माझेच अक्षर होते. सुरुवातीच्या काळातले जाहिरातींचे लॉग रोज छापले जात, त्यावर निवेदक प्रत्येक स्पॉटसमोर, म्हणजे वाजलेल्या एकेका जाहिरातीसमोर, टिचकी मारत, चुकलेल्या स्पॉटसमोर मी लाल पेनाने कारण लिहीत असे, आणि महिनाअखेरीस त्याच कागदांवरून जाहिरातदाराला प्रसारणाचे प्रमाणपत्र व बिल जात असे. ते प्रमाणपत्र नसेल तर पैसे मिळत नाहीत. म्हणून निवेदक काय बोलला याचा मागमूस उरला नव्हता, पण पहिल्या वर्षीच्या अमुक दिवशी सकाळी सात वाजून बेचाळीस मिनिटांनी एका साडी दुकानाची वीस सेकंदांची जाहिरात वाजली, हे सेकंदांसकट शाबूत होते. पुढचे तीन आठवडे मी कार्यालयीन वेळेनंतर त्या खोलीत बसून काढले.

लॉग वाचायची सवय असेल तर त्यात बरेच काही दिसते. पहिल्या वर्षी ब्रेक जवळजवळ रिकामे आहेत आणि तीच ती चार दुकाने दिवसभर वाजत आहेत. त्यांपैकी दोघांच्या नावांपुढे पैशाच्या रकान्यात ‘बार्टर’ असा शब्द आहे. स्वागतकक्षातला सोफा, पाण्याचा कूलर आणि संचालकांच्या खोलीतले पडदे असे जाहिरातींच्या बदल्यात आले होते. सोफा अजून आहे. जूनमध्ये दहावी-बारावीच्या निकालानंतर क्लासेसच्या जाहिराती एका आठवड्यात तिप्पट होतात, लगीनसराईत मंगल कार्यालये आणि सराफ येतात, उन्हाळ्यात बोअरवेलवाले येतात. २०१६च्या नोव्हेंबरात नोटाबंदीनंतरच्या आठवड्यात पाने पुन्हा पहिल्या वर्षासारखी विरळ होतात.

गाण्यांचाही हिशेब ठेवलेला होता, तोही पैशांपायीच. त्या काळी संगीत कंपन्यांना रॉयल्टी ‘नीडल अवर’वर, म्हणजे प्रत्यक्ष किती तास गाणी वाजली त्यावर द्यावी लागे आणि लहान शहरातल्या केंद्राला ती झेपत नसे. कॉपीराइट मंडळाने २५ ऑगस्ट २०१०च्या आदेशाने ती जाहिरातीच्या निव्वळ उत्पन्नाच्या दोन टक्क्यांवर आणली. आमच्या कागदांत हा बदल स्पष्ट दिसतो. २०१०पूर्वी रात्री अकरानंतर दोन तास गप्पांचा कार्यक्रम आहे, श्रोत्यांच्या पत्रांचे वाचन आहे. नंतरच्या वर्षी त्या जागी सलग गाणी आहेत. तो गप्पांचा कार्यक्रम आमच्या निवेदकाच्या प्रतिभेतून जन्मला, असे मला फोनवर सांगण्यात आले होते. प्रतिभा होतीच, पण गाण्यांचे तास कमी करा हा निरोपही होता. ते लिहिलेले वाक्य नंतर व्यवस्थापकांनी खोडले.

सगळ्यात अधिक काळ मी ज्या पानांपाशी थांबले ती पाने रिकामी आहेत. ऑगस्ट २०१९मध्ये पश्चिम महाराष्ट्रात महापूर आला तेव्हाची ती आहेत. एका दुपारनंतर एकामागून एक ब्रेकसमोर ‘ड्रॉप’, म्हणजे जाहिरात वाजली नाही, असे लिहिलेले आहे आणि असे सलग चार दिवस आहे. त्या चार दिवसांत आम्ही काय केले ते मला आठवते, कारण मी स्टुडिओतच होते. खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत. तिसऱ्या टप्प्याच्या धोरणाने आकाशवाणीची बातमीपत्रे जशीच्या तशी ऐकवण्याची मुभा दिली, आणि वाहतूक, हवामान, पाणी व वीजपुरवठा, नैसर्गिक आपत्ती यांसंबंधी स्थानिक प्रशासनाने दिलेली माहिती सांगायला परवानगी दिली. त्यामुळे फोनवर एखादी बाई रडत सांगत असे की आमच्या गल्लीत पाणी शिरले, कुणाला तरी सांगा, आणि निवेदकाला ते तसेच्या तसे बोलता येत नसे. मग मी दुसऱ्या फोनवरून जिल्हाधिकारी कार्यालयाच्या नियंत्रण कक्षाला गल्लीचे नाव सांगायचे, त्यांनी खातरजमा करायची, तिकडून होकार आला की मी काचेपलीकडून अंगठा वर करायचा आणि निवेदकाने वाचायचे, असा क्रम बसला. धरणातून सोडलेल्या पाण्याचा आकडा, बंद झालेले रस्ते, बोट कुठे पोहोचली, निवारा कुठल्या शाळेत आहे, औषधे कुठे मिळतील, एवढेच रात्रंदिवस चालू होते. जाहिराती थांबवण्याचा लेखी आदेश कुणी दिला नव्हता. पहिला ब्रेक आला तेव्हा निवेदकाने माझ्याकडे पाहिले आणि मी मान हलवली. नंतर प्रत्येक जाहिरातदाराला त्या चार दिवसांचे स्पॉट फुकट भरून द्यावे लागले आणि माझ्याकडून लेखी खुलासा मागवला गेला, तोही त्याच फाइलीत लावलेला सापडला.

आमच्या केंद्राने केलेले सर्वांत मोठे काम ज्या पानांवर आहे, त्या पानांवर एकच शब्द आहे. ध्वनिमुद्रण तर नोव्हेंबरातच पुसले गेले होते. ते चार दिवस बाजूला काढून ठेवावेत असे तेव्हा कुणालाच सुचले नाही, मलाही नाही. चिखल, ओल्या वायरी आणि जनरेटरचे बिल यांत आम्ही बुडालो होतो.

२०२०च्या मार्चचे लॉग त्यानंतर पाहिले. पाडवा हा आमच्यासाठी दिवाळीखालोखालचा दिवस. सोने, गाड्या, घरे, सगळ्यांचे स्पॉट महिनाभर आधी नोंदलेले असतात. त्या वर्षी पाडवा २५ मार्चला होता. २३ तारखेला राज्यात संचारबंदी लागू झाली आणि २४ मार्चच्या मध्यरात्रीपासून देशभर टाळेबंदी सुरू झाली. संगणकात त्या दिवसाच्या लॉगच्या तीन आवृत्त्या आहेत. पहिलीत ब्रेक ओसंडून वाहत आहेत, दुसरीत निम्मे उरले आहेत आणि तिसरीत हात धुण्याविषयीच्या सरकारी संदेशांखेरीज जवळपास काही नाही. पुढचे तीन महिने निवेदक घरून मोबाइलवर बोलणे ध्वनिमुद्रित करून पाठवत. एकजण पंख्याचा आवाज येऊ नये म्हणून भर एप्रिलात गोधडीत शिरून बोलत असे. त्यांपैकी दोघांना नंतर कामावर परत घेतले गेले नाही. ‘वाचायला गोड’ या सूचनेत हे कुठे बसवायचे, हा प्रश्न मी टाळला आणि लिहून दिले. छापताना ते दोन ओळींत आले.

राहिला प्रश्न वाढदिवसाचा. मालकांच्या मते केंद्राचा जन्म पाहुण्यांनी कळ दाबली त्या समारंभाचा, अभियंत्यांच्या मते पहिला चाचणी सूर हवेत गेला त्या रात्रीचा. हिशेबनिसांनी पहिल्या बिलाची तारीख सांगितली. त्या बिलावरचे छत्र्यांचे आणि दप्तरांचे दुकान अजून चालू असल्याचे कळले, तेव्हा मी तिथे गेले. मालक आता सत्तरीचे आहेत. “आमची जाहिरात होती का पहिली?” असे म्हणत त्यांनी गल्ल्याखालचा खण उघडला, जुन्या हमीपत्रांखालून एक सीडी काढली आणि पदराने पुसावी तशी शर्टाच्या टोकाने पुसली. विक्री विभागाने मंजुरीसाठी दिलेली ती प्रत होती. कार्यालयात ती लावायला सीडी चालणारा संगणकच नव्हता. वाहनचालकाने गाडीतल्या जुन्या प्लेअरमध्ये घातली. दोनदा अडकली, तिसऱ्यांदा चालली. पावसाचा आवाज, शाळेची घंटा, एका मुलाचे हसू, मग आमच्या पहिल्या निवेदकाचा विशीतला आवाज, आणि शेवटी केंद्राचे नाव व फ्रिक्वेन्सी. एकूण वीस सेकंद. केंद्राच्या पहिल्या महिन्यातले एवढेच ध्वनिमुद्रण माझ्या माहितीत शिल्लक आहे, आणि ते आम्ही जपलेले नव्हते.

पुस्तिका चोवीस पानांची झाली. वाढदिवस समारंभाच्याच तारखेला राहिला. व्यवस्थापकांनी माझी एक मागणी मात्र मान्य केली: दर महिन्याच्या पहिल्या सोमवारचा सकाळी आठ ते नऊ हा तास लॉगरवरून काढून वेगळ्या डिस्कवर ठेवायचा. आठच्या तासालाच का, दुपारचा का नको, यावर कार्यक्रम विभागाशी अर्धा दिवस वाद झाला. आतापर्यंतच्या फाइली मी मध्यंतरी तपासल्या. दोन महिने नाहीत. त्या सोमवारी सुट्टी होती आणि नंतर लक्षात येईपर्यंत नव्वद दिवस होऊन गेले होते.